धोंडो आणि धोंड्या

इंग्लंडात स्मिथ म्हणजे लोहार. आज त्या आडनावावरून कोणी धंदा विचारीत नाही. आपल्याकडे शूद्राचे नाव किळसवाणे असावे असा मनुस्मृतीचाच (२.३१) दंडक, मग अतिशूद्राचे काय? मुले जगत नसली की मृत्यूने ढुंकून पाहू नये म्हणून धोंडा, कचरा अशी नावे सर्वच जातींत ठेवीत. पण धोंडो केशव कर्वे 'अण्णा' झाले. यवतमाळकडच्या कोतवालबुकात माझे आजोबा 'कचऱ्या'च राहिले. जात त्या शेवटच्या अक्षरात आहे.

१९५६ च्या नागपूरच्या धम्मदीक्षेनंतर घरोघर गौतम, सुजाता, मिलिंद आले. (मिलिंद हा तर मुळात ग्रीक राजा मिनँडर!) आडनावे मात्र बहुतेक तीच राहिली, मेश्राम, रामटेके, खोब्रागडे; आणि हजेरी घेताना वर्गातल्या माना अजून त्यांवरच वळतात.