मोहिनी झालेली कमला

मैत्रिणींनो, इथे संभाजीनगरात आमच्या शाळेच्या संमेलनात लेक नाटकात नको, म्हणून एक आई अडून बसली. म्हटलं, “विक्रम गोखले आवडायचे ना? मग त्यांच्या पणजीची नि आजीची हकीकत ऐका.”

१९१३ साली ‘राजा हरिश्चंद्र’साठी दादासाहेब फाळक्यांना बाई मिळेना. तारामती झाले अण्णा साळुंके, हॉटेलातले आचारी! त्याच वर्षी ‘मोहिनी भस्मासुर’मध्ये मात्र नाटकमंडळीतल्या दुर्गाबाई कामत पार्वती झाल्या आणि त्यांची लहानगी कमला मोहिनी. लोक काय म्हणाले असतील, तुम्हीच ओळखा.

पुढे कमलाबाई गोखले ऐन तारुण्यात विधवा झाल्या. पदरी तीन मुलगे. बाईंनी तोंडाला रंग लावला, रंगभूमीवर पुरुषांच्याही भूमिका केल्या आणि त्या कमाईवर मुलं वाढवली. चंद्रकांत गोखले त्यांतलेच एक.

ती आई म्हणाली, “तालीम किती वाजता सुटते?”