सौंदर्यस्पर्धा : मोजपट्टी कोणाच्या हाती?

सौंदर्यस्पर्धांना काही स्त्रिया विरोध का करतात, असे आमच्या पिंपरी-चिंचवडच्या कामगार वस्तीत विचारले, तर उत्तर मिळते : ‘असूया, दुसरे काय!’ हे उत्तर सोपे आहे; खरे मात्र नाही.

७ सप्टेंबर १९६८ रोजी अमेरिकेत अटलांटिक सिटी येथे ‘मिस अमेरिका’ स्पर्धेच्या जागेबाहेर शंभरावर स्त्रिया जमल्या. त्यांनी एका जिवंत मेंढीला मुकुट घातला आणि उंच टाचांचे जोडे, कंबर आवळणारे पट्टे एका पिंपात टाकले. त्यांनी अंतर्वस्त्रे जाळली ही दंतकथा होय; तेथे काहीच जाळले गेले नाही. बाजारात जनावर पारखतात तशी स्त्री पारखू नका, हे त्यांचे सांगणे होते. त्यांचा झगडा स्पर्धेत उतरलेल्या मुलींशी नव्हता, पारखणाऱ्यांशी होता.

आपल्याकडे १९९१ नंतर बाजार खुला झाला. १९९४ साली सुष्मिता सेन ‘मिस युनिव्हर्स’ आणि ऐश्वर्या राय ‘मिस वर्ल्ड’ झाल्या. प्रसाधनांच्या व्यापाऱ्यांना नवे गिऱ्हाईक दिसू लागले. २३ नोव्हेंबर १९९६ रोजी बंगळूर येथे ‘मिस वर्ल्ड’ स्पर्धा भरली, तेव्हा मोठा विरोध झाला. पोहण्याच्या पोशाखाची फेरी सेशेल्स बेटांवर न्यावी लागली. मदुराईत एका तरुणाने स्वतःला जाळून घेतले. या विरोधात दोन सूर होते, ते वेगळे ओळखले पाहिजेत. एक म्हणे, ‘संस्कृती बुडाली’. दुसरा म्हणे, ‘स्त्री ही विक्रीची वस्तू नव्हे.’ पहिला सूर स्त्रीला मंचावरून उतरवून पुन्हा उंबऱ्याआड बसवू पाहतो. म्हणजे मोजपट्टी तीच, फक्त हात बदलला!

मधु सप्रे यांचे उदाहरण घ्या. त्या मूळच्या खेळाडू. १९९२ साली बँकॉकच्या ‘मिस युनिव्हर्स’ स्पर्धेत त्या अखेरच्या तिघींत होत्या. देशाची सूत्रे हाती आली तर काय कराल, या प्रश्नावर त्यांनी मोठे क्रीडांगण बांधीन असे सांगितले. त्यांना तिसरे स्थान मिळाले. या उत्तरानेच मुकुट गेला, असे आजवर बोलले जाते. शरीराबरोबर विचारही तेथे तोलला जातो.

आणि मोजपट्टी काय मंचावरच असते? १९७४ साली टेल्कोच्या नोकरीच्या जाहिरातीत स्त्रियांनी अर्ज करू नयेत, असे छापले होते. सुधा कुलकर्णी, म्हणजे पुढच्या सुधा मूर्ती, यांनी जे. आर. डी. टाटांना पोस्टकार्ड धाडले आणि त्या तेथे इंजिनिअर म्हणून रुजू झाल्या. आज चाकणला मुली मोटारसायकली जोडतात. एका पोस्टकार्डाने सारे बदलले असे नव्हे. पण माप चुकीचे आहे, हे कोणीतरी लिहून कळवावे लागते.

कामगार चळवळीत आम्ही एकच गोष्ट शिकलो : कामाचा दर ठरवताना काम करणाऱ्याला विचारा. सौंदर्याला आमचा विरोध नाही. नटावे की नटू नये, मंचावर जावे की यंत्रावर, हे ज्या दिवशी ती स्वतः ठरवील आणि त्यासाठी तिची रोजी, तिची अब्रू पणाला लागणार नाही, त्या दिवशी हा वाद मिटेल.