राजापूर : नकाशावरून पुसलेला मतदारसंघ

गाव रत्नागिरी जिल्ह्यातलं, पण या मतदारसंघाचं नाव गाजलं ते लोकसभेत. 1957 ते 1991 अशी सलग 34 वर्षं राजापूरने समाजवादीच खासदार दिला. देशात काँग्रेसची लाट असली तरीही!

पहिले बॅ. नाथ पै. वेंगुर्ल्याचे, वक्तृत्वासाठी ख्यातनाम. 1957, 1962, 1967 असे तीनदा विजयी. मूलभूत हक्कांसह घटनेत दुरुस्ती करण्याचा संसदेचा अधिकार गोलकनाथ निकालाने रोखला, तेव्हा तो परत मिळवण्यासाठी त्यांनी खासगी विधेयक मांडलं. जानेवारी 1971 मध्ये ते गेले.

मग प्रा. मधु दंडवते : 1971, 1977, 1980, 1984, 1989. इंदिराजींच्या हत्येनंतरच्या निवडणुकीतही राजापूर ढळलं नाही, हे विशेष. जनता सरकारात रेल्वेमंत्री असताना त्यांनी दुसऱ्या वर्गाच्या लाकडी बाकांवर दोन इंच फोम बसवला. त्याआधी त्या फळीवर रात्र काढलेल्यालाच त्याची किंमत कळेल.

1991 मध्ये काँग्रेसच्या सुधीर सावंतांनी दंडवत्यांना हरवलं. 1996 पासून शिवसेनेचे सुरेश प्रभू चारदा निवडून आले. पुढे तेही रेल्वेमंत्री झाले, पण तेव्हा ते राजापूरचे खासदार नव्हते आणि राजापूर मतदारसंघही उरला नव्हता.

2008 च्या पुनर्रचनेत तो रद्द होऊन रत्नागिरी-सिंधुदुर्ग हा नवा मतदारसंघ झाला. 2009 च्या तिथल्या पहिल्या लढतीत प्रभूंना हरवून काँग्रेसचे नीलेश राणे लोकसभेत गेले.