शुद्धिपत्र मागणारी नगरी
नाथषष्ठीच्या निमित्ताने पैठणच्या अल्पपरिचित स्थळांची पायी परिक्रमा

फाल्गुन वद्य द्वितीया उजाडली, म्हणजे गोदावरीच्या उत्तर तीरावरील वाटा टाळमृदंगाच्या घोषाने जाग्या होतात. जालना जिल्ह्याच्या अंबड तालुक्यातील अंतरवाली सराटी हे याच मुलखातील एक गाव. मराठा आरक्षणाच्या आंदोलनामुळे २०२३ साली त्याचे नाव साऱ्या देशाच्या कानी पडले. परंतु त्याच्या कितीतरी पिढ्या आधीपासून गोदातीरच्या इतर गावांप्रमाणे हेही पैठणच्या ओढीचे गाव. वडीगोद्रीहून पाचोडला यावे आणि तेथून पश्चिमेस वळावे, की नाथांची नगरी जवळ करता येते.

येणारा भाविक काय पाहतो? गोदातीरीच्या समाधी मंदिरात माथा टेकवतो, गावातील नाथवाड्यात विजय विठ्ठलाचे दर्शन घेतो, प्रसाद बांधून घेतो आणि परतीच्या गाडीची वाट पाहत उभा राहतो. यात उणे काही नाही. गर्दीच्या तीन दिवसांत याहून अधिक घडणे कठीणच. तथापि ही नगरी एखाद्या शांत दिवशी, कोणाही वाटाड्यावाचून, केवळ पायांनी फिरून पाहिली, तर तिच्या घाटांतून, टेकाडांतून आणि मागांच्या खडखडाटातून एक कथा सलग उलगडत जाते. ती कथा या नगरीच्या वैभवाची आहे, तशीच तिच्या चुकीची आणि त्या चुकीच्या परिमार्जनाचीही आहे.

वाटेवरचे आपेगाव

या परिक्रमेचा आरंभ पैठणात करू नये. पूर्वेकडून येणाऱ्याने तो आपेगावी करावा. पैठण तालुक्यातील हे गोदाकाठचे गाव म्हणजे ज्ञानदेवांच्या पूर्वजांचे मूळ ठिकाण. ज्ञानदेवांचे पणजोबा त्र्यंबकपंत यांची समाधी येथे दाखवितात. विठ्ठलपंतांनी संन्यास घेतला, गुरूंच्या आज्ञेने ते पुन्हा गृहस्थाश्रमात आले, आणि त्यांच्या चार लेकरांच्या भाळी ‘संन्याशाची मुले’ हा शब्द कायमचा कोरला गेला. आईबाप गेल्यावर निवृत्ती, ज्ञानदेव, सोपान आणि मुक्ताई ही चार भावंडे धर्मपीठाकडून शुद्धिपत्र मिळविण्यासाठी पैठणास आली, असे परंपरा सांगते. आपेगावाहून पैठणचा रस्ता धरताना हे स्मरणात असावे. ज्या नगरीचे आपण दर्शन घेण्यास निघालो आहोत, तिच्या दाराशी ही पोरकी मुले आपली शुद्धता सिद्ध करण्यासाठी उभी होती.

नागघाट : प्रमाण मागितले ते स्थळ

पैठणात पोहोचल्यावर ऊन चढण्यापूर्वी नागघाट गाठावा. येथे रेड्याची पाषाणमूर्ती आहे. विद्वानांच्या सभेत ज्ञानदेवांनी सर्वांभूती एकच आत्मा असल्याचे सांगितले. तेव्हा वाटेने चाललेल्या रेड्याकडे बोट दाखवून, ‘मग याच्या मुखी वेद का नाही?’ असे त्यांस विचारण्यात आले. आणि ज्ञानदेवांनी मस्तकी हात ठेवताच रेडा वेद बोलू लागला, ही कथा कोणा मराठी घरास ठाऊक नाही? हा रेडा पुढे भावंडांबरोबर निघाला आणि जुन्नर तालुक्यातील आळे येथे त्याने देह ठेवला, असे मानतात. तेथे त्याची समाधी आजही पूजिली जाते.

घाटाच्या पायरीवर क्षणभर बसावे. ‘दक्षिण काशी’ म्हणून मिरविणाऱ्या या नगरीत शास्त्रांचा अभ्यास अफाट होता, यात शंका नाही. परंतु जेथे एवढी विद्या होती, तेथेच चार अनाथ लेकरांकडे प्रमाण मागितले गेले. चमत्काराची कथा सांगताना आपण रेड्याच्या मुखातील वेद लक्षात ठेवतो; सभेने उच्चारलेला प्रश्न मात्र विसरतो. ती भावंडे पुढे नेवाशास गेली आणि शके १२१२ मध्ये तेथे ज्ञानेश्वरी सिद्ध झाली. ज्या शब्दांनी पुढे अवघ्या महाराष्ट्राचे देवघर उजळले, ते पैठणास लाभले नाहीत. प्रवरेच्या काठास लाभले.

तीर्थखांब आणि मुकी टेकाडे

नागघाटावरून निघून जुन्या वस्तीच्या बाजूने चालत राहावे. येथे एक उंच, कोरीव पाषाणस्तंभ उभा आहे. लोक त्यास तीर्थखांब म्हणतात आणि तो यादवकालीन समजला जातो. त्यावरील नक्षी सकाळच्या तिरप्या उन्हात अधिक स्पष्ट दिसते. त्यास तेल-शेंदूर लावू नये, की त्यावर नाव कोरू नये. दृष्टीनेच त्याची पूजा करावी.

या परिसरातील उंचवटे म्हणजे नुसती मातीची ढेकळे नव्हेत. त्यांच्या पोटात प्रतिष्ठान नगरी झोपलेली आहे. सातवाहन राजांची ही राजधानी. इसवी सनाच्या पहिल्या शतकातील एका ग्रीक दर्यावर्दी ग्रंथात भडोच बंदराच्या दक्षिणेस वीस दिवसांच्या वाटेवर पैठण असल्याचे आणि तेथून गोमेदासारखे रंगीत खडे गाड्यांनी बंदरावर जात असल्याचे नमूद आहे. टॉलेमीनेही हे नगर पुळुमावी राजाची राजधानी म्हणून नोंदविले. पितळखोऱ्याच्या लेण्यांत पतिठाणच्या मितदेव नावाच्या गंधिकाचा, म्हणजे सुगंधी द्रव्यांच्या व्यापाऱ्याचा, दानलेख आहे. ‘गाथासप्तशती’ ज्याच्या नावाने ओळखली जाते, तो हाल राजा याच सातवाहन कुळातला. विसाव्या शतकाच्या अखेरीस येथे झालेल्या उत्खननात विटांनी बांधलेल्या प्राचीन मंदिरांचे अवशेषही उजेडात आले.

नाथषष्ठीनंतर अवघ्या नऊ-दहा दिवसांनी गुढीपाडवा येतो. त्या दिवशी पंचांगावरील ‘शालिवाहन शके’ हे शब्द आपण वाचतो, तेव्हा या टेकाडांचेच स्मरण करीत असतो. मातीचे सैनिक करून त्यांत प्राण फुंकणाऱ्या शालिवाहनाची कथा पैठणचीच. इतिहासकार शककर्त्याविषयी निरनिराळी मते मांडतात. परंतु मातीतून पराक्रम उभा राहतो, ही लोकांची श्रद्धा या मातीवर उभे राहिल्यावर सहज पटते.

पावसाळ्यानंतर या टेकाडांवर जुने मणी आणि खापरे वर येतात. ती खिशात घालून नेण्याचा मोह आवरावा. हे धन एका घराचे नव्हे. बाळासाहेब पाटील यांनी आयुष्यभर असे सहस्रावधी अवशेष वेचून जपले. त्यांच्या संग्रहातून उभे राहिलेले पुराणवस्तुसंग्रहालय पैठणात आहे. लहान मुलांना घेऊन तेथे अवश्य जावे. पणजीच्या पणजीच्या गळ्यात कसे मणी असतील, हे त्यांना पुस्तकापेक्षा तेथे अधिक कळेल.

अनेक पंथांची एक नगरी

याच नगरीत महानुभाव पंथाचे चक्रधर स्वामी वास्तव्य करून होते; लीळाचरित्रातील कितीतरी लीळा प्रतिष्ठानच्या आहेत. येथेच विसावे तीर्थंकर मुनिसुव्रतनाथ यांचे दिगंबर जैन मंदिर आहे. तेथील श्यामवर्ण मूर्ती वालुकेची असल्याचे मानतात, आणि दूरदूरचे जैन बांधव अमावास्येस दर्शनास येतात. वारकऱ्यांच्या गर्दीत ही स्थळे झाकली जातात. एरवी ती दार उघडे ठेवून उभी असतात.

दुपारचे ऊन टाळण्यासाठी पैठणीच्या मागापाशी जावे. विणकर रेशीम आणि जर एकेका धाग्याने बोटांनी गुंफीत असतो. पदरावरचा बांगडी मोर, आसावली, काठाची नारळी हे सारे तेथेच जन्म घेते. अस्सल पैठणीची खूण अशी, की तिची नक्षी उलटसुलट दोन्ही अंगांनी सारखीच देखणी असते. २०१० साली या वस्त्रास भौगोलिक मानांकन मिळाले. ही दोन्ही अंगांची सारखी वीण पाहून जो नाथवाड्याकडे वळतो, त्यास नाथांचे चरित्र अधिक चांगले समजते.

नाथवाडा : जेथे शुद्धिपत्र परत केले गेले

नाथांचा जन्म शके १४५५ च्या सुमारास पैठणात झाला. विजयानगरी गेलेला विठ्ठल पंढरीस परत आणणारे भानुदास हे त्यांचे पणजोबा. देवगिरीस जनार्दनस्वामींची सेवा करून नाथ परतले आणि गिरिजाबाईंसह त्यांनी या वाड्यात प्रपंच मांडला. वाड्यात भाविक ज्याचे दर्शन घेतात तो रांजण आहे. श्रीखंड्याच्या रूपाने बारा वर्षे पाणी भरणाऱ्या श्रीकृष्णाची ही खूण. तुकाराम बीजेपासून भाविक त्यात घागरी रित्या करू लागतात, आणि तो ओसंडला की देवाने आपली घागर ओतली, असे मानतात.

पण याच वाड्यास वाळीतही टाकले गेले होते. श्राद्धाचा स्वयंपाक भुकेल्या वाटसरूंना वाढला, म्हणून गावच्या ब्राह्मणांनी पाठ फिरविली आणि पितर स्वतः पानावर आले, ही कथा येथलीच. गोदेच्या तापलेल्या वाळवंटात रडणारे, गावकुसाबाहेरच्या घरातील तान्हे मूल नाथांनी कडेवर घेतले, ती वाळूही येथून दूर नाही. नाथांचे भागवत मराठीत उतरू लागले, तेव्हा काशीच्या पंडितांनी त्यांनाही जाब विचारला. तो ग्रंथ अखेरीस काशीतच शके १४९५ मध्ये पूर्ण झाला आणि तेथेच गौरविला गेला.

आता सकाळचा नागघाट आठवावा. ज्या नगरीने ज्ञानदेवांकडे शुद्धतेचे प्रमाण मागितले, त्याच नगरीतील नाथांनी सुमारे तीनशे वर्षांनी, शके १५०६ मध्ये, ज्ञानेश्वरीच्या अनेक पोथ्या ताडून तिची शुद्ध प्रत सिद्ध केली. लेखकांच्या हातून शिरलेले अपपाठ त्यांनी दूर केले. आळंदीस जाऊन समाधीचे दर्शन घेतल्यावर हे कार्य त्यांनी हाती घेतले, असे सांगतात. शुद्धिपत्र मागावयास आलेल्या लेकराच्या शब्दांचे शुद्धीकरण पैठणच्याच पुत्राने करावे, याहून मोठे परिमार्जन ते कोणते? नगरीचे ऋण एका गृहस्थाने फेडले. तेही वादविवाद करून नव्हे, तर पोथीपुढे बसून, एकेक अक्षर सोशिकपणे पाहून.

गोदातीरी संध्याकाळ

सायंकाळी समाधी मंदिरात यावे. शके १५२१ च्या फाल्गुन वद्य षष्ठीस नाथांनी गोदेत जलसमाधी घेतली. जनार्दनस्वामींचा जन्म, त्यांना झालेले दत्तदर्शन, नाथांवरील त्यांचा अनुग्रह, स्वामींचे महानिर्वाण आणि नाथांची जलसमाधी अशी पाच पर्वे या एकाच तिथीस मानली जातात. षष्ठीस दिंडी, सप्तमीस छबिना आणि अष्टमीस काल्याची दहीहंडी असा तीन दिवसांचा सोहळा येथे होतो.

गावाच्या वरच्या अंगास जायकवाडीचे धरण आहे. लालबहादूर शास्त्री यांच्या हस्ते १९६५ साली त्याची पायाभरणी झाली आणि १९७६ साली इंदिरा गांधी यांच्या हस्ते उद्घाटन झाले. सत्तावीस दरवाज्यांमागील त्या विस्तीर्ण जलाशयास नाथसागर हे नाव आहे. त्यासाठी शंभरावर गावांनी आपली घरे, शेते आणि ग्रामदैवतांची ठाणी सोडली. त्याच पाण्याचा डावा कालवा जालना जिल्ह्यातून परभणीकडे जातो आणि वाटेतील रानांची तहान भागवितो. मात्र धरणाखालचे पात्र फाल्गुनात पुष्कळदा कोरडे पडते. यात्रेकरूंच्या स्नानासाठी पाणी सोडावे, अशी मागणी करावी लागते. ज्या गोदेत नाथ विलीन झाले, तिच्याच पाण्यासाठी विनंती करावी लागावी, हे मनास टोचते. निदान आपण त्या पात्रात निर्माल्य, प्लॅस्टिक आणि जुने कपडे टाकू नयेत, एवढे तर आपल्या हाती आहे.

दिवे लागले की परतीची वाट धरावी. दिवसभरात पाहिलेल्या स्थळांपैकी निम्म्यांवर गर्दी नव्हती, की प्रसादाचे दुकान नव्हते. तरीही पैठणची यात्रा त्यांच्यावाचून अपुरी आहे. कारण नाथ कोणासाठी उभे राहिले, हे समाधी सांगते. ते कशाच्या विरुद्ध उभे राहिले, हे नागघाट सांगतो.

दारी आलेल्यास पाणी देण्यापूर्वी आपणही कधी कधी त्याचे शुद्धिपत्र मागतो. गाव विचारतो, कूळ विचारतो. यंदाच्या षष्ठीस घरातील नाथांच्या तसबिरीस हार घालताना एवढे स्मरावे, की रांजणात कोणाची घागर रिती झाली, हे नाथांनी बारा वर्षांत कधी विचारले नव्हते.