वाड्याचं कुलूप आणि पोलीस

फूलबागेत संध्याकाळी मंडळातली तरुण मुलं भेटली, की हल्ली लष्करमधल्या जुन्या वाड्यांचा विषय निघतोच. भाऊबंदकीत कुणी दाराला कुलूप घातलं, तर ते पोलिसांकडून उघडवून घेता येईल का? किंवा पोलिसच सील ठोकतील का?

मी त्यांना मुंबईचा खटला सांगतो. फौजदारी प्रक्रिया संहितेच्या कलम १०२ खाली पोलिसांना मालमत्ता जप्त करता येते, पण स्थावर नाही, असं मुंबई उच्च न्यायालयाच्या पूर्णपीठाने २०१० मध्ये ठरवलं. नेवाडा प्रॉपर्टीज विरुद्ध महाराष्ट्र राज्य या खटल्यात २४ सप्टेंबर २०१९ रोजी सर्वोच्च न्यायालयाने तेच कायम केलं. घर काही मुद्देमाल म्हणून ठाण्यात ठेवता येत नाही! एकाचा ताबा काढून दुसऱ्याला देणं हे दिवाणी न्यायालयाचं काम. घराची कागदपत्रं मात्र पोलीस जप्त करू शकतात. जुलै २०२४ पासून हे कलम नव्या संहितेत १०६ झालं आहे.

म्हणून ‘साहेबांशी ओळख आहे’ हा मार्ग मला मुळीच पटत नाही. मारहाण, घुसखोरी झाली तर तक्रार जरूर करा. शांतताभंगाची भीती असेल तर कलम १६४ खाली कार्यकारी दंडाधिकारी ताबा कुणाचा एवढंच ठरवतो, मालकी नाही. आणि बळजबरीने बाहेर काढलं असेल, तर विशिष्ट साहाय्य कायद्याच्या कलम ६ खाली दावा लावा. त्यात मालकी सिद्ध करावी लागत नाही, पण मुदत फक्त ६ महिन्यांची. पुण्या-बंगळुरूत राहणाऱ्यांची ती बहुधा फोनाफोनीतच संपते.