मेक्सिकन राजमा: घाई करा, पण उकळी चुकवू नका

घरच्या घरी करता येणारा मेक्सिकन पद्धतीचा राजमा हा आता शहरी मुलांच्या डब्यापुरता राहिलेला नाही. कांदा, लसूण, मिरची, टोमॅटो आणि राजमा एवढ्यावर तो होतो. यातील मिरची, टोमॅटो आणि राजमा या तिन्ही गोष्टी मूळच्या अमेरिका खंडातील आहेत. आपण कोवळी खातो ती फरसबी, श्रावण घेवडा आणि राजमा हे एकाच वनस्पतीचे प्रकार आहेत, हे मात्र अनेकांना ठाऊक नसते. आपले अळसांदे मात्र वेगळ्या प्रजातीतले. त्यांचे मूळ आफ्रिकेत आहे.

मेक्सिकोत हे दाणे मातीच्या मडक्यात मंद आचेवर शिजवण्याची जुनी परंपरा आहे. गोव्याच्या सीमेपलीकडे, जोयडा तालुक्यातील कुंभारवाड्यासारख्या गावात चुलीच्या निखाऱ्यांवर मडके ठेवून असा राजमा करावा असे कोणालाही वाटेल. चवीला तो उत्तमच होईल, पण एक पथ्य पाळले तर.

कच्च्या राजम्यात लेक्टिन गटातील एक प्रथिन असते. ते पोटात गेल्यास एक ते तीन तासांत मळमळ, उलट्या आणि जुलाब सुरू होतात. चार-पाच कच्चे दाणेही त्रास देण्यास पुरेसे ठरू शकतात. लाल राजम्यात त्याचे प्रमाण सर्वाधिक असते. सणसणीत उकळीने ते नष्ट होते. मात्र ८० अंश सेल्सिअसच्या आसपासच्या मंद उष्णतेत दाणा मऊ होऊनही त्याचा प्रभाव उलट वाढू शकतो. म्हणूनच नुसत्या निखाऱ्यांवर किंवा विजेच्या मंद आचेच्या भांड्यात थेट ठेवलेला राजमा धोक्याचा ठरतो.

यात भिण्यासारखे काही नाही. जोयड्यातील कुणबी समाज कंदमुळांसाठी ओळखला जातो, आणि सुरण खाजरा असतो म्हणून कोणी तो टाकून देत नाही. चिंच किंवा कोकमाच्या आंबटपणाने त्याला वठणीवर आणले जाते. राजम्याचे औषध उकळी हे आहे.

कृती अशी: एक वाटी राजमा रात्री भरपूर पाण्यात भिजत घालावा, निदान पाच तास तरी भिजला पाहिजे. सकाळी ते पाणी ओतून टाकावे, दाणे धुवावेत आणि ताज्या पाण्यात किमान दहा मिनिटे, शक्यतो अर्धा तास, खळखळ उकळावेत. त्यानंतर आच मंद केली तरी चालते. कुकर असेल तर काम सोपे होते. दाबाखाली पाणी शंभर अंशांपेक्षा अधिक तापते. दाणा बोटांत दाबल्यावर पिठासारखा फुटला पाहिजे. टोमॅटो, चिंच वा लिंबू आधी घालू नये; आंबटामुळे साल चिवट राहते.

यापुढचे काम वीस मिनिटांचे. दोन चमचे तेलात बारीक चिरलेला कांदा आणि चार-पाच पाकळ्या लसूण परतावा. चमचाभर जिरेपूड, अर्धा चमचा लाल तिखट आणि दोन चिरलेले टोमॅटो घालून तेल सुटेपर्यंत शिजवावे. शिजलेला राजमा थोड्या पाण्यासह घालून त्यातील तिसरा हिस्सा डावाने चेचावा, म्हणजे रस दाट होतो. शेवटी मीठ, लिंबू आणि कोथिंबीर. तिकडील ओरेगानोची आठवण हवी असेल तर चिमूटभर ओवा चोळून घालावा. दोहोंच्या सुवासात साम्य आहे.

सोबत मक्याची भाकरी असेल तर जोडी पुरती जमते. मक्यात जे लायसिन कमी असते ते राजमा पुरवतो. आपल्या वरणभातामागचे तत्त्वही हेच आहे. उरलेला राजमा पावाबरोबरही खाता येतो.

तयार डब्यातला राजमा शिजवलेलाच असतो. तो धुऊन थेट फोडणीत घालता येतो. मोड आलेला कच्चा राजमा मात्र कोशिंबिरीत घालू नये. वेळ वाचवायचा तो चिरण्यात आणि परतण्यात वाचवावा. भिजवणे आणि उकळणे यांत काटकसर केली, तर ती सगळ्या घराला महागात पडेल.