लग्नातले दागिने सासूबाईंच्या कपाटात, मग मालकी कोणाची?

लग्न झालं की अनेक घरांत सुनेचे दागिने 'सांभाळून ठेवते' म्हणत सासूबाईंच्या कपाटात जातात. नवरा-बायको वेगळे झाले की प्रश्न उभा राहतो: हे सोनं कोणाचं?

कायद्यानुसार लग्नाआधी, लग्नात किंवा नंतर स्त्रीला भेट मिळालेले दागिने हे तिचं 'स्त्रीधन'. मालकी फक्त तिची. सासरी असलेलं स्त्रीधन ही केवळ ठेव. ती अप्रामाणिकपणे अडकवून ठेवली तर फौजदारी विश्वासघाताचा गुन्हा होऊ शकतो, असं सर्वोच्च न्यायालयाने १९८५ मध्येच सांगितलं.

पण दागिने सासरी दिले, हे सिद्ध कसं करायचं? घरात पावती कोण मागतं?

केरळमधल्या एका पत्नीचे ८९ पवन, म्हणजे सुमारे ७१ तोळे सोनं असंच गेलं. कुटुंब न्यायालयात ती जिंकली, उच्च न्यायालयात हरली. एप्रिल २०२४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तिला २५ लाख रुपये देण्याचा आदेश दिला. अशा दिवाणी दाव्यात शंभर टक्के पुरावा लागत नाही, कोणाची बाजू अधिक संभवनीय आहे ते पाहिलं जातं. अडचणीत नवऱ्याने स्त्रीधन वापरलं, तरी ते किंवा त्याची किंमत परत करणं त्याच्यावर बंधनकारक आहे.

म्हणून सोनाराची बिलं, लग्नाचे फोटो आणि लॉकरची कागदपत्रं जपून ठेवा.